‘एलेंड’चा अर्थ सांगितलात, म्हणून

आदरणीय बाई,
सा. न. वि. वि.

जर्मनीतल्या ग्योटिंगेनमधला तो माझा पहिला नोव्हेंबर. साडेचारच्या सुमारास सूर्य मावळायचा. त्या रात्री तुम्हाला फोन लावला तेव्हा पुण्यात दीड वाजला होता, हे माझ्या ध्यानातही आलं नाही. तुम्ही उचललात. तुमच्याच वर्गात शिकलेलं एक वाक्य तोंडून निघालं, ‘मिर इस्ट एलेंड.’ फार वाईट वाटतंय, एवढंच सांगायचं होतं.

तुम्ही समजूत घातली नाहीत. माझं रडं ओसरेपर्यंत थांबलात आणि म्हणालात, “अगं, नेमका शब्द सापडला तुला.”

आज ‘दास एलेंड’ म्हणजे दैन्य, हालअपेष्टा. पण जुन्या जर्मनमध्ये तो होता ‘एलिलेंटी’. ‘एलि’ म्हणजे दुसरा, लॅटिन ‘आलिउस’चं भावंड, आणि पुढे ‘लांट’, म्हणजे मुलूख. परमुलखातला, हद्दपार झालेला. मध्ययुगात मुलूख सुटला की भाऊबंदांचा आधार सुटायचा, कायद्याचं संरक्षणही जायचं. परका असणं आणि हाल सोसणं यांत अंतरच उरलं नाही. “आपल्या ‘वनवासा’सारखं,” तुम्ही म्हणालात. सासरी वनवास भोगणारीनं अरण्य कुठे पाहिलेलं असतं? ‘देशोधडीला लागणं’ही त्यातलंच.

दुसऱ्या दिवशी तुम्ही परीकथांवाल्या ग्रिम बंधूंच्या जर्मन शब्दकोशातली ‘एलेंड’ची नोंद पाठवलीत. याकोब ग्रिम तिथे म्हणतो, हा सुंदर शब्द घराच्या ओढीतून सुचलेला आहे. कोशकार सहसा शब्दाला सुंदर म्हणत नाही. पण ग्योटिंगेन तेव्हा हानोफरच्या राज्यात होतं. १८३७ मध्ये तिथल्या राजानं राज्यघटना रद्द केली, त्याविरुद्ध ग्योटिंगेनच्या सात प्राध्यापकांनी निषेध नोंदवला, त्यांत हे दोघे भाऊ होते. सातही जणांची नोकरी गेली आणि याकोबला तीन दिवसांत राज्य सोडावं लागलं. कोशाचं काम त्यानंतरचं. ‘एलेंड’ असलेला तिसरा खंड १८६२ चा. म्हणजे ज्या गावात मी रडत होते, तिथूनच हाकललेल्या माणसानं ती नोंद लिहिली होती! ती वाचून मला पहिल्यांदा वाटलं, या भाषेत माझ्यासाठीही जागा आहे.

बाई, मी इथे राहिले ती त्या नोंदीमुळे आणि तुमच्यामुळे. मनापासून आभार. त्या रात्री तुमची झोप मोडली, त्याची माफी मागायची राहून गेली होती. तीही आज मागते.

तुमची विद्यार्थिनी