विषय : धडधाकट हार्ड डिस्क ‘खराब’ ठरवल्याबद्दल

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक सेवा विभाग

आत्ताच तुमच्या हेल्पलाइनचा फोन ठेवला. खरं तर तिकडूनच आपटला गेला.

लॅपटॉप तुमचा, त्यावर ऑफिस स्टार्टर २०१० (वर्ड-एक्सेलची मर्यादित, फुकट आवृत्ती) घालून दिलंत तेही तुम्हीच. ते क्लिक-टू-रनचं आहे, म्हणजे नेहमीसारखं विंडोजमध्ये न बसवता अ‍ॅप्लिकेशन व्हर्च्युअलायझेशनवर, स्वतःच्या वेगळ्या आभासी कप्प्यात चालतं आणि त्यासाठी क्यू नावाचा आभासी ड्राइव्ह तयार करतं, हे तुम्हाला मी सांगायला नको. क्यू उघडायला गेलं की प्रवेश नाकारतो. नाकारणारच, तो संरक्षित आहे. माझा प्रश्न एवढाच होता : वर्ड उघडायला इतका वेळ का लागतो, आणि टास्क मॅनेजरमध्ये दिसणाऱ्या सीव्हीएचएसव्हीसी आणि एसएफटीव्हीएसए या पडद्यामागे चालणाऱ्या प्रोसेसचा त्याच्याशी संबंध आहे का?

तुमच्या पहिल्या तज्ज्ञांचं उत्तर : “मॅडम, व्हायरस आहे.” त्यांनी सर्व्हिसेसमध्ये जाऊन ‘अ‍ॅप्लिकेशन व्हर्च्युअलायझेशन क्लायंट’ डिसेबल करायला लावलं. वर्ड, एक्सेल दोन्ही ठप्प. होणारच! त्याच सर्व्हिसच्या जिवावर ती चालतात.

पुन्हा फोन. आता दुसरे साहेब.

“क्यू ड्राइव्ह उघडतो का?”

“नाही, तो उघडत नसतोच.”

“म्हणजे हार्ड डिस्क खराब.”

“अहो, तो हार्ड डिस्कचा भागच नाही. खऱ्या डिस्कचे भाग दाखवणाऱ्या डिस्क मॅनेजमेंटमध्ये क्यू दिसतसुद्धा नाही.”

यावर थोडी शांतता. मग : “मॅडम, घरात कोणी जेन्ट्स आहेत का? त्यांना द्या ना फोन.”

दिला. माझे मिस्टर एसएमएससुद्धा मुलीकडून टाइप करून घेतात. त्यांना ‘सर, सर’ करत सांगितलं गेलं की डिस्क बदलावी लागेल, वॉरंटी संपली आहे, पैसे पडतील. स्पीकर चालू होता, मी शेजारीच उभी. “आणि सर, मॅडमनी सेटिंगमध्ये काहीतरी बंद करून ठेवलंय.” मॅडमनी! तुमच्याच माणसाने सांगितलेलं, मॅडमनी!

ती सर्व्हिस मीच परत ऑटोमॅटिक करून चालू केली. वर्ड उघडलं. मग कंट्रोल पॅनलमध्ये ‘ऑफिस क्लिक-टू-रन २०१०’ शोधून रिपेअर केलं, आता वेळही लागत नाही. हे एवढंसं तुमच्या एकालाही सुचू नये? चांगल्या डिस्कला खराब म्हणायला मात्र सगळे तयार. पुन्हा सांगते, डिस्क चांगली आहे. भाचीला तुमचाच लॅपटॉप घ्यायला सांगणार होते. आता ते नाव काढायचीही लाज वाटते.

माझ्या तक्रारीवरची ‘डिस्क खराब’ ही नोंद काढा आणि तसं लेखी कळवा, पत्र माझ्या नावाने. पंधरा दिवसांत आलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोगात जाईन. प्रत्येक कॉल रेकॉर्ड होतो असं तुमची बाई आधी ऐकवते ना? तो कॉल जपून ठेवा. तिथे लागेल.

आपली (अजून तरी) ग्राहक