लिलाव कापू नकोस

गंगापूर रोड, नाशिक

प्रिय मित्रा,
सप्रेम नमस्कार.

तुझ्या माहितीपटासाठी तू केलेलं हर्णै बंदराचं चित्रण काल एका बैठकीत बघून काढलं. आधी मुद्द्याचं सांगतो : मासळीच्या लिलावाचा प्रसंग कापू नकोस. संकलक तो दोन मिनिटांवर आणायला सांगतोय म्हणालास. ऐकू नकोस त्याचं.

लांब नांगरलेल्या बोटी, पाण्यात शिरणाऱ्या बैलगाड्या, मागे सुवर्णदुर्ग, वाळूवर पापलेट-सुरमईचे ढीग. एवढं तर येणारे-जाणारे पर्यटकही मोबाइलवर टिपतात. तू मात्र त्या हिरव्या लुगड्यातल्या मावशींवर थांबलास. बोली चढत जाते, त्या गप्प. हात कनवटीला, बोटांनी नोटा चाचपणं चाललेलं. मग एकदम आकडा बोलतात आणि निकाल लागायच्या आत पाटी स्वतःकडे ओढतात! त्यांचं कॅमेऱ्याकडे लक्षही नाही, कारण तू त्यांच्याच गावचा पोरगा. बाहेरून आलेल्याला हे मिळालं नसतं रे.

मी लासलगावचे कांद्याचे लिलाव बघत मोठा झालो. ट्रॉलीवर उभा शेतकरी, खाली व्यापाऱ्यांचा घोळका, भाव पुकारला की घोळका पुढच्या ट्रॉलीकडे. वर्षाच्या मेहनतीचा फैसला काही क्षणांत. माझ्या काकांचा तेव्हाचा चेहरा कुणीच टिपला नाही, याची मला फार हळहळ वाटते. म्हणून तुझ्या मावशींसाठी भांडतोय.

दुसरं म्हणजे, तुझ्या चित्रणात पावसाळा नाही. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींना मासेमारीबंदी, तेव्हा ‘काय दाखवणार’ असं तू म्हणतोस. अरे, माशांच्या विणीचा काळ, समुद्र खवळलेला, आणि गाव घरात! शाकारलेल्या होड्या, पडवीत जाळी दुरुस्त करणारे हात, मे महिन्यात वाळवलेल्या सुकटीवर चाललेला संसार, वाण्याची उधारी. दर्यावर नसलेला तांडेल, म्हणजे बोटीचा म्होरक्या, दिवसभर काय करतो, हे मला बघायचंय. नारळी पौर्णिमेची वाट का बघतात, ते त्याशिवाय कळणारच नाही.

आमच्या त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२ मध्ये, पहिला चित्रपट काढण्याआधी, कुंडीत वाटाणा पेरला. रोप वाढत गेलं तसं रोज थोडं थोडं टिपलं. ती छोटी फिल्म दाखवूनच त्यांनी भांडवल उभं केलं. तेव्हा ‘संथ गोष्टीला प्रेक्षक नाही’ हे मला सांगू नकोस.

आणि कृपा करून वर बासरी चढवू नकोस. बर्फ फोडल्याचा आवाज, बैलांच्या घुंगरांचा आवाज, बायकांची हुज्जत, सगळं तसंच राहू दे.

जुलैत मला रजा मिळतेय. माईक धरायला मी येतो, छत्रीही धरीन. मूळ चित्रणाची एक प्रत माझ्याकडे पाठवून ठेव, खाऱ्या हवेत हार्ड डिस्कचा भरवसा नाही. पहिला खेळ मात्र हर्णैतच व्हायला हवा, मावशींना पुढच्या रांगेत बसवून.

आईंना नमस्कार सांग. उत्तर लवकर पाठव.

तुझाच,
नाशिककर