नायलॉनचं होल्स्टर आणि तुझं ग्लॉक

केटी, टेक्सास
रविवार, रात्री

चि. ताई हिस,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेले फोटो चष्मा लावून, मोठे करून, तीन-तीनदा पाहिले. काळ्या नायलॉनचं शोल्डर होल्स्टर, म्हणजे खांद्यावरच्या पट्ट्यांना लटकणारी पिस्तुलाची पिशवी, डाव्या काखेत आडवी बसणारी, उजव्या बाजूला दोन मॅगझिनची, म्हणजे गोळ्यांच्या खोळींची, पाकिटं. खाली तू लिहिलंयस, "बाबा, अंगावर आहे हे कळतसुद्धा नाही. पण तुम्ही बघून सांगेपर्यंत वापरणार नाही." तू थांबलीस याचं मला किती बरं वाटलं, ते फोनवर बोलता आलं नसतं. म्हणून लिहायला बसलो. पत्र लांबेल, पण सगळं वाच.

तुझी अडचण खरी आहे, हे मला मान्य आहे. घरोघरी जाऊन अखेरच्या दिवसांतल्या पेशंटची काळजी घेणारी हॉस्पिसची नर्स, मिडलंड-ओडेसाच्या बाहेरचे तेलविहिरींमधले सुनसान रस्ते, रात्री दोनला फोन आला की निघायचं. अंगात स्क्रब्ज, नर्सचे ते सैल कपडे, त्यांना कमरेला नुसती नाडी. नाडीच्या पँटवर कमरेचं होल्स्टर टिकत नाही, सगळी पँटच खाली ओढली जाते. त्यात तास-दोन तास गाडीत बसायचं. बसलेल्या माणसाला खांद्याचं होल्स्टर सोयीचं, यात शंका नाही. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन सैन्यानं रणगाड्यांतल्या आणि विमानांतल्या लोकांना ते याच कारणासाठी दिलं होतं. आणि नायलॉनचे म्हणून काही गुण आहेतच. घामानं कुजत नाही, कोमट पाण्यात साबणानं धुता येतं, सावलीत चटकन वाळतं. चामडं ओल धरून ठेवतं आणि ती ओल पिस्तुलाच्या लोखंडाला लागते. हे सगळं मी आपल्या दुकानात अंगावर बाळगून अनुभवलंय.

पण हलकं आहे ते होल्स्टर. तुझं पिस्तूल, ग्लॉक १९, तेवढंच जड राहतं. रिकामं सहाशे ग्रॅमच्या आसपास आणि पंधरा गोळ्या भरल्यावर साधारण साडेआठशे. म्हणजे जवळपास किलोभर वजन एका काखेत लोंबणार आणि ते पेलणार कोण, तर नवारीसारखी एक अरुंद पट्टी. दुकानात दहा मिनिटं घातलं तर कळत नाही. सहाव्या तासाला मानेच्या मुळाशी कळतं. दुसऱ्या बाजूची दोन मॅगझिन भरून ठेवलीस, तर तोल थोडा सावरतो, कारण भरलेलं एक मॅगझिन पाव किलोच्या आसपास भरतं. पण बहुतेक लोक ती पाकिटं रिकामी ठेवतात. मग डावी बाजू खाली, उजवी वर, आणि पाठीवरचा पट्ट्यांचा फुलीचा जोड सरकत सरकत एका बाजूला जातो. फोटोत मला खाली कमरेच्या पट्ट्याला अडकवायच्या फिती दिसल्या. त्या होल्स्टरला खाली धरून ठेवतात, म्हणून त्या लागतातच. तुझ्या स्क्रब्जना पट्टाच नाही, मग त्या अडकवणार कशाला? तशाच सोडल्यास, तर तू वाकलीस की पिस्तूल घंटेसारखं पुढे झोल खाणार.

ही गैरसोय झाली. मला खरी धास्ती आहे ती चापाची.

ग्लॉकला बाजूला सेफ्टीचा खटका नाही. आहे ती सेफ्टी चापाच्याच आत, चापाबरोबरच दाबली जाणारी. चाप ओढायला अडीच किलोच्या आसपास जोर पुरतो. म्हणजे चेंबरमध्ये, नळीच्या मागच्या घरात, गोळी असताना तुझी खरी सेफ्टी म्हणजे होल्स्टरची भिंत. ती भिंत टणक असायला हवी. बाहेरून कितीही दाब आला, तरी चापापर्यंत पोहोचता कामा नये. तुझ्या होल्स्टरची भिंत काय आहे? बाहेर नायलॉन, मध्ये फोमचा पातळ थर, आत गुळगुळीत अस्तर. दप्तराच्या पट्ट्याला असतं तसंच. शिवाय ते एकाच मापात पाच-सात वेगवेगळ्या पिस्तुलांना बसतं असं लिहिलंय. जे इतक्यांना बसतं, ते कुणालाच घट्ट बसत नाही.

मी स्वतः असलंच एक जवळजवळ वर्षभर वापरलं, हे तुला माहीत आहे. पण माझ्याकडे पाच गोळ्यांचं छोटं रिव्हॉल्व्हर होतं. त्याचा चाप लांब आणि जड, ग्लॉकच्या दुप्पट जोर मागणारा. मऊ होल्स्टरमध्ये त्याचं निभावून गेलं. त्यावरून तुझ्या पिस्तुलाचंही निभावेल, असं धरू नकोस. दुकानात विकणारा दोन्ही एकाच खुंटीवर टांगतो, तो हा फरक सांगत नाही.

घरीच एक तपासणी कर. गोळ्या दुसऱ्या खोलीत ठेवून ये. मॅगझिन काढ, स्लाइड, म्हणजे वरचा सरकता भाग, मागे ओढ, चेंबर डोळ्यांनी बघ आणि बोट घालूनही बघ. पुन्हा एकदा बघ. मग रिकामं पिस्तूल होल्स्टरमध्ये घाल, टिचबटण लाव, नळीचं तोंड निर्धोक दिशेला ठेव आणि बाहेरून कापडावरून चापाच्या जागी अंगठा दाब. आतून टक् असा आवाज आला, तर ते होल्स्टर कचऱ्यात. मग पुढे काही तपासायचं कारण नाही. आवाज नाही आला, तर तेच होल्स्टर पलंगावर उलटं धरून जोरात हलव. टिचबटणानं धरलं का? मग बटण उघडून हलव. नुसत्या कापडाच्या पकडीनं क्षणभर तरी थांबतं का, की लगेच घसरतं? मग पिस्तूल बाहेर काढ आणि होल्स्टरचं तोंड बघ. उघडं राहिलं की मिटलं? मऊ नायलॉनचं बहुधा मिटतं. मग परत घालताना तू डाव्या हातानं ते फाकवणार, आणि नळीचं तोंड तुझ्याच बोटांवर येणार. शिवाय टिचबटणाचा पट्टा वळून आत गेला आणि चापाभोवतीच्या कडीत अडकला, तर पिस्तूल आत ढकलण्याच्या जोरानंच चाप ओढला जाईल. हे मी कुणाला भिवविण्यासाठी रचून सांगत नाही. असे अपघात होतात, आणि म्हणूनच चांगले शिक्षक परत घालण्याची क्रिया बघून, सावकाश, दोन्ही डोळे होल्स्टरवर ठेवून करायला लावतात. काखेत कुणाचे डोळे पोहोचतात?

आणखी एक. आडव्या होल्स्टरमध्ये नळीचं तोंड सतत तुझ्या मागे उभ्या असलेल्या माणसाकडे असतं. काढताना ते तुझ्या डाव्या दंडावरून, मग बाजूच्या सगळ्यांवरून फिरत पुढे येतं. दंडातून धमनी जाते, हे नर्सला मी काय सांगू. नेमबाजीच्या सरावाच्या अनेक रेंजवर खांद्यावरून पिस्तूल काढू देत नाहीत ते यामुळेच. मग तू सराव करणार कुठे? ज्याचा सराव करता येत नाही, ते रात्रीच्या अंधारात हात थरथरत असताना जमणार नाही, ताई.

आता जे सांगतोय ते फक्त तुझ्या आईला माहीत आहे.

ग्रीन कार्ड आल्यावर आपण दुकान घेतलं. त्याआधी मी एच-वनवर, नोकरीच्या तात्पुरत्या व्हिसावर, होतो, तेव्हा बंदूक बाळगायचा प्रश्नच नव्हता आणि मनातही नव्हतं. साताऱ्यात लहानपणी बंदूक पाहिली ती बँकेच्या दारातल्या राखणदाराची, दोन नळ्यांची. दुकान घेतलं आणि चार महिन्यांत रस्त्यापलीकडच्या दुकानदारावर गोळी झाडली गेली. आईनंच हट्ट धरला. काउंटरमागच्या स्टुलावर बसलं की कमरेचं होल्स्टर पोटात रुतायचं, म्हणून मी नायलॉनचं खांद्याचं घेतलं. वर जाकीट. अकरा महिने काही झालं नाही. मग एका संध्याकाळी वरच्या फळीवरचं खोकं काढायला मी स्टुलावर चढलो, डावा हात वर केला, आणि टिचबटण सुटलं. रोजच्या उघडझाकीनं ते सैल झालं होतं, मला कळलं नव्हतं. रिव्हॉल्व्हर काखेतून निसटलं. मी ते झेलायला गेलो. ती माझी सगळ्यात मोठी चूक. पडणारं हत्यार कधी झेलू नये, बोट नेमकं चापावर जातं. माझा हात चुकला, म्हणून आज हे लिहितोय. ते फरशीवर पडून घसरत गेलं आणि लॉटरीच्या यंत्रापाशी उभ्या असलेल्या एका मुलीच्या बुटाला लागून थांबलं. गोळी सुटली नाही. तिचे डोळे मला अजून दिसतात. ती तुझ्याच वयाची होती तेव्हा, आठ वर्षांची. त्या रात्री घरी आल्यावर मी तुझ्या खोलीच्या दारात किती वेळ उभा होतो ते आईला विचार.

आणि तुझं काम माझ्याहून नाजूक आहे. या होल्स्टरमध्ये पिस्तुलाची मूठ पुढे असते, समोरच्या माणसाकडे. तू पेशंटला पलंगावरून खुर्चीत घेताना तो कुठे धरतो? तुझ्या खांद्यांना, काखेखाली. भ्रमात असलेला, स्मृती गेलेला, घाबरलेला म्हातारा माणूस. त्याच्या हाताला ती मूठ लागणार. त्याला ते काय आहे हे कळणार नाही, पण बोटं आपोआप मिटतात. फोटो पाहिल्यापासून माझ्या डोळ्यांपुढून हे चित्र हलत नाही.

म्हणून पेशंटच्या घरात ते अंगावर नेऊ नकोस, कोणतंही होल्स्टर असलं तरी. तुझ्या एजन्सीचा नियम काय आहे तो लेखी वाच. बऱ्याच एजन्स्या ड्यूटीवर शस्त्र नेऊ देत नाहीत, आणि परवाना आहे म्हणून नोकरी वाचत नाही. हॉस्पिटल आणि नर्सिंग होमच्या इमारतीत तर टेक्सासच्या कायद्यानंच लेखी परवानगीशिवाय नेता येत नाही. २०२१ पासून एकवीस वर्षांवरच्या बहुतेकांना परवान्याशिवायही पिस्तूल बाळगता येतं, म्हणून लोकांना वाटतं सगळीकडे मोकळीक झाली. तशी ती झालेली नाही.

तुला भीती रस्त्याची आहे ना? मग सोय रस्त्यापुरती कर. गाडीत सीटखाली पोलादी पेटी, तारेच्या दोरानं सीटच्या सांगाड्याला बांधलेली. पेशंटच्या घराजवळ पोहोचण्याआधी, चांगल्या उजेडाच्या जागी थांबून, होल्स्टरसकट पिस्तूल पेटीत. होल्स्टरसकट म्हणजे चापाला हात लागायचा प्रश्न येत नाही. दारात गाडी लावून ही उठाठेव करू नकोस, कोण बघतंय सांगता येत नाही. पेटीशिवाय नुसतं कप्प्यात टाकून तर कधीच जाऊ नकोस. गाड्या फोडून चोरलेली पिस्तुलं कुठे जातात ते तुला माहीत आहे.

अंगावरच हवं असेल, तर कमरेला वेगळा रुंद पट्टा मिळतो, स्क्रब्जच्या आतून बांधायचा, त्याला पँटच्या पट्ट्याची गरज नाही. त्यावर कायडेक्स नावाच्या कडक प्लास्टिकचं टणक कवच, तुझ्याच ग्लॉकच्या मापाचं, चाप पूर्ण झाकणारं. शिवाय ओडेसात जुलैत पारा पस्तिशीच्या वर असतो. खांद्याच्या होल्स्टरवर जाकीट घालून तू किती दिवस काढशील? पातळ स्क्रब जाकिटातून पाठीवरची फुली स्पष्ट दिसते. तुझ्या तिसऱ्या फोटोत ती मला दिसलीच.

एक राहिलं. तुझी रूममेट एच-वनवर आहे. शिकारीच्या परवान्यासारखे मोजके अपवाद सोडले, तर तिला बंदूक बाळगता येत नाही. गंमत म्हणूनही तिच्या हातात देऊ नकोस, आणि घरातल्या पेटीचा आकडा फक्त तुझ्याकडे ठेव. उद्या काही झालं, तर तिचा व्हिसा आणि तिचं सगळं आयुष्य अडचणीत येईल.

पुढच्या शनिवारी मी गाडीनं येतोय. निळ्या प्लास्टिकचं खोटं ग्लॉक आणतो, सरावाचं, त्यातून काहीच सुटत नाही. ते घालून तू मला पलंगावरून खुर्चीत घे, जसं पेशंटला घेतेस तसं. मी तुझ्या काखेखाली धरतो. मग दोघं मिळून ठरवू. तोवर टिचबटणाच्या आतल्या बाजूचा आणि शिलाईचा जवळून फोटो पाठव, आणि अंगठ्याच्या तपासणीत आवाज आला का ते कळव.

आईनं थालीपिठाची भाजणी दळून ठेवली आहे, ती आणतोच.

तुझा,
बाबा