हझानचे काम मंचापुरते नाही

मा. संपादक,
स. न. वि. वि.

‘संगीत आणि शांतता’ या विषयावर आपल्या रविवार पुरवणीत आलेल्या लेखात ज्यू प्रार्थनागायकाची, म्हणजे हझानची दखल घेतली गेली, याचा आनंद झाला. मात्र सर्वधर्मीय मंचावर येऊन शांतिगीत गाणारा कलाकार, एवढीच त्याची ओळख त्या लेखात उरली आहे. हझान शांततेसाठी जे करू शकतो, त्यात मंचावरचा वाटा सर्वांत लहान असतो. ते का, हे समजायला त्याचे रोजचे काम आधी पाहावे लागते.

सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळात, हझान श्रोत्यांसाठी गात नाही. तो जमलेल्यांच्या वतीने प्रार्थना म्हणतो. ज्याला हिब्रू येत नाही त्याने लक्ष देऊन ऐकले आणि ‘आमेन’ म्हटले, की हझानची प्रार्थना त्याचीही धरली जाते. त्यामुळे चुकीला माफी कमी. तोरा या ज्यूंच्या मूळ धर्मग्रंथाच्या हस्तलिखित गुंडाळीत फक्त व्यंजने असतात. स्वर, विराम, चालीच्या खुणा यांपैकी काहीही नसते. वाचणाऱ्याला हे सगळे पाठ करूनच उभे राहावे लागते. अर्थ बदलेल अशी चूक झाली, तर शेजारी उभा असलेला माणूस तिथेच थांबवतो आणि तो शब्द पुन्हा वाचावा लागतो.

पूर्व युरोपातून आलेल्या अश्केनाझी परंपरेतील स्वररचना आपल्या कानांना परकी नाही. ‘अहावा रब्बा’ या रचनेत सा, कोमल रे, शुद्ध ग, शुद्ध म, प, कोमल ध आणि कोमल नी येतात. हे आपल्या बसंत मुखारीचेच सूर. ‘मागेन आवोत’चे स्वर आसावरी थाटाचे, तर ‘अदोनाय मालाख’ खमाज थाटाच्या जवळ जाते. पण रागाप्रमाणे इथेही नुसती स्वरपंक्ती पुरत नाही. कोणत्या शब्दावर न्यास, कोणत्या प्रार्थनेला कोणती सुरावट, हे ठरलेले असते. शुक्रवारच्या संध्याकाळी कोणी योम किप्पूरची, म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवसाची चाल धरली, तर जाणत्यांना ते पहिल्याच ओळीत खटकते. आपल्या कोकणातील बेने इस्रायल या ज्यू समाजाची पद्धत वेगळी आहे. ती सेफार्दी, म्हणजे मूळ स्पेनकडच्या ज्यूंच्या वळणाची असून एकोणिसाव्या शतकात कोचीनहून आलेल्या ज्यू शिक्षकांचा तिच्यावर मोठा ठसा आहे. अलिबागच्या किंवा मुंबईच्या हझानकडून वर सांगितलेल्या रचनांची अपेक्षा कोणी करू नये.

हझानची खरी कसोटी योम किप्पूरला लागते. सूर्यास्तापूर्वी ‘कोल निद्रे’ हे या दिवसाचे पहिले पठण सुरू होते आणि तीनदा म्हटले जाते: आधी हलक्या आवाजात, मग थोडे चढवून, तिसऱ्यांदा मोकळ्या गळ्याने. तिथून पुढे सुमारे २५ तासांचा उपवास, तोही निर्जळी. नवखा गायक पहिल्या फेरीतच ताकद ओततो किंवा पट्टी वरची धरतो. दुसऱ्या दिवशी दुपारनंतर घसा कोरडा पडतो, वरचे सूर लागत नाहीत आणि शेवटच्या ‘नेइला’ प्रार्थनेत, जिथे आवाज सर्वांत जास्त हवा असतो, तिथेच तो फाटतो. अनुभवी हझान पट्टी खाली ठेवतो आणि सकाळची बरीचशी प्रार्थना मध्य सप्तकाच्या खालच्या अर्ध्यात काढतो.

याच दिवशी पापांची कबुली दिली जाते, आणि ती अनेकवचनी असते. ‘आम्ही अपराध केला, आम्ही विश्वासघात केला, आम्ही लुबाडले’ असे हिब्रू वर्णमालेच्या क्रमाने म्हणत प्रत्येक शब्दाला छातीवर मूठ टेकवायची. जे पाप आपण केले नाही, तेही या ‘आम्ही’त येते. त्याला जोडून मिश्ना या प्राचीन ज्यू धर्मनियमांच्या संग्रहातील एक नियम आहे: माणसाने देवाविरुद्ध केलेला अपराध योम किप्पूरला फिटतो, पण माणसाने माणसाविरुद्ध केलेला फिटत नाही. ज्याला दुखावले, त्याच्याकडे जाऊन त्याची समजूत घालावी लागते. वर्षानुवर्षे हे शब्द दुसऱ्यांच्या वतीने उच्चारणारा माणूस शांततेचे काम कसे करतो, याचे उत्तम उदाहरण अमेरिकेत घडले.

नेब्रास्का राज्यातील लिंकन शहरात मायकेल वाइसर हे एका सुधारणावादी सिनेगॉगचे हझान होते. १९९१ च्या जूनमध्ये ते नव्या घरात राहायला गेले आणि लगेच धमकीचा फोन आला. दोन दिवसांनी द्वेषपत्रकांचे जाड पाकीट आले. पोलिसांचा संशय लॅरी ट्रॅप यांच्यावर होता. कू क्लक्स क्लॅन या गौरवर्णीय वर्चस्ववादी संघटनेच्या एका गटाचे ते राज्यातील प्रमुख. मधुमेहाने दोन्ही पाय गेलेले, दृष्टी जवळपास गेलेली, चाकाच्या खुर्चीत बसून फोन आणि पत्रके यांच्या बळावर शहराला धाक घालणारे.

पुढचा क्रम नीट पाहण्यासारखा आहे. ही हकीकत सांगताना लोक पहिली पायरी हमखास गाळतात. वाइसर यांनी आधी पोलिसांना कळवले आणि घराची दारे-कुलपे सांभाळली. त्यानंतर त्यांनी ट्रॅप यांच्या आन्सरिंग मशीनवर निरोप ठेवायला सुरुवात केली. निरोप थोडक्यात असायचे. त्यांत शिवी नाही, प्रतिधमकी नाही, ‘लॅरी’ असे नाव घेऊन बोलणे. एका निरोपात त्यांनी आठवण करून दिली, की नाझी राजवटीत तुमच्यासारख्या अपंगांवर आधी गदा आली असती. इतिहास तेच सांगतो: सक्तीच्या नसबंदीचा कायदा जुलै १९३३ चा आणि अपंगांच्या पद्धतशीर हत्या १९३९ पासूनच्या. एके दिवशी ट्रॅप यांनी स्वतः फोन उचलला आणि संतापून विचारले, की तुला हवे तरी काय? वाइसर यांनी वाद घातला नाही. तुम्ही खुर्चीत असता, किराणा आणायला गाडीतून नेऊ का, असे त्यांनी विचारले. फोन उचललाच तर काहीतरी चांगले करू का असे विचार, हे पत्नी ज्यूली यांनी आधीच सुचवून ठेवले होते.

नोव्हेंबरमध्ये ट्रॅप यांचाच फोन आला. यातून बाहेर पडायचे आहे, पण कसे ते कळत नाही, असे ते म्हणाले. पती-पत्नी त्याच रात्री जेवण घेऊन त्यांच्या घरी गेले. ट्रॅप यांनी बोटांतल्या स्वस्तिकाच्या अंगठ्या काढून दिल्या. ज्यांना छळले होते त्यांची त्यांनी पुढे माफी मागितली. मूत्रपिंडे निकामी होत आली, तेव्हा वाइसर कुटुंबाने त्यांना आपल्या घरी आणले आणि ज्यूली यांनी शुश्रूषेसाठी नोकरी सोडली. जून १९९२ मध्ये ट्रॅप यांनी ज्यू धर्म स्वीकारला आणि सप्टेंबरमध्ये त्यांचे निधन झाले.

ही फक्त मनपरिवर्तनाची गोष्ट मानली, तर अर्धा भाग सुटतो. द्वेषाच्या संघटनेतून बाहेर पडणाऱ्याचे मित्र, पत, वेळ घालवायची जागा, सगळे एकदम जाते आणि जुन्या साथीदारांची भीती मागे उरते. ती पोकळी भरली नाही, तर माणूस परत फिरतो. वाइसर कुटुंबाने जेवण, घर आणि सोबत देऊन ती भरली. अतिउजव्या गटांतून बाहेर पडणाऱ्यांना मदत करणारा, जर्मनीत २००० साली सुरू झालेला ‘एक्झिट’ उपक्रमही हेच तत्त्व धरून चालतो.

सर्वधर्मीय कार्यक्रम ठरवणाऱ्यांसाठीही थोडे लिहिणे गरजेचे वाटते, कारण निमंत्रणातच चूक होते. शुक्रवारी सूर्यास्तापासून शनिवारी तारे दिसेपर्यंत शब्बाथ, म्हणजे ज्यूंचा साप्ताहिक विश्रांतीचा दिवस असतो. त्या वेळेत परंपरा पाळणारा हझान माइकवर गाणार नाही, वाहनातही बसणार नाही. तेव्हा रविवार धरावा. योम किप्पूरच्या प्रार्थना मैफलीत मागू नयेत. देवनाम असलेल्या ओळी प्रार्थनेबाहेर गायला अनेक हझान नकार देतात किंवा त्या जागी पर्यायी शब्द घालतात, म्हणून रचना महिनाभर आधी त्यांनाच निवडू द्यावी. स्तोत्र १३३ ची पहिली ओळ, ‘हिने मा तोव’, सर्वांत सोयीची: लहान, देवनामाशिवाय, आणि दोन आवर्तनांत सभागृह म्हणू लागते. कोशेर या ज्यू आहारनियमांमुळे शिजवलेल्या पदार्थांऐवजी अख्खी फळे ठेवावीत.

आपल्या वार्ताहरांना एक विनंती. अशा कार्यक्रमाची बातमी दिल्यानंतर सहा महिन्यांनी त्याच आयोजकांकडे पुन्हा जावे. त्या रात्री एका मंचावर बसलेल्यांपैकी कोण कोणाच्या घरी गेले, आजारपणात कोणी कोणाला फोन केला, हे विचारून छापावे.

आपला,
एक वाचक, पुणे