माणूस जिवंत आणला तरच पैसे

प्रिय बंड्या,

सप्रेम नमस्कार. इकडे सगळे मजेत. वहिनींच्या गुडघ्याचं काय ठरलं ते कळव.

मागच्या पत्रात तू लिहिलं होतंस की अमेरिकेच्या त्या घोड्या-पिस्तुलांच्या काळात कायदा नव्हताच, ज्याची गोळी आधी सुटेल तो न्यायाधीश. दिवसभर कोर्टाच्या व्हरांड्यात उभं राहणाऱ्या माणसानं असं लिहावं याची गंमत वाटली. कायदा नव्हता असं नाही रे. कायदे दोन-तीन होते आणि त्यातला कुठला लागू करायचा यावरच माणसं मरत होती. दुसरी भानगड त्याहून रोकडी, ती म्हणजे कायदा राबवणाऱ्याला पैसे कोण देणार? आम्ही राहतो त्या बेंटनव्हिलपासून गाडीनं सव्वा तासावर फोर्ट स्मिथ नावाचं गाव आहे. तिथलं जुनं कोर्ट, तळघरातला तुरुंग आणि नव्यानं उभारलेला फाशीचा चबुतरा बघून आलो आणि तेव्हापासून हेच वाचत बसलोय. घरातले कंटाळले, म्हणून आता तुझी पाळी.

आधी नकाशा डोळ्यांपुढे आण. फोर्ट स्मिथ आर्कान्सा राज्याच्या अगदी पश्चिम कडेला. गावाला लागून नदी, आणि पलीकडे त्या काळची ‘इंडियन टेरिटरी’, म्हणजे अमेरिकेच्या मूळ रहिवाशांचा (त्यांना तिकडे ‘इंडियन’ म्हणत) मुलूख, आजचा ओक्लाहोमा. १८३० च्या कायद्यानं चेरोकी, क्रीक, चॉक्टॉ, चिकासॉ आणि सेमिनोल या पाच जमातींना त्यांच्या मूळ मुलखातून उठवून इकडे आणलं. वाटेत हजारोंनी माणसं गेली. बदल्यात तहात लिहून दिलं की हा मुलूख तुमचा, कारभार तुमचा. आणि कारभार त्यांनी नेटका केला हं. चेरोकींची लेखी घटना होती, स्वतःची लिपी होती, टाल्हेक्वा या राजधानीत १८४४ साली बांधलेली सुप्रीम कोर्टाची विटांची इमारत होती (ती अजून उभी आहे). ‘लाइटहॉर्स’ नावाचे घोडेस्वार पोलीस होते. मेख एवढीच की या कोर्टांचा अधिकार त्यांच्या त्यांच्या नागरिकांपुरता. प्रकरणात गोरा माणूस आला की ते फेडरल, म्हणजे केंद्र सरकारच्या कोर्टात, फोर्ट स्मिथला. आजूबाजूच्या राज्यांच्या शेरीफांना तर नदीपलीकडे विचारतच कोण होतं! त्यामुळे टेक्सास, मिसूरी, कॅन्ससमधला प्रत्येक फरारी तिथे जाऊन बसला यात नवल नाही.

या हद्दीच्या भांडणातून १८७२ साली काय झालं ते ऐक. तुझ्या धंद्यातली गोष्ट आहे.

झीक प्रॉक्टर नावाचा एक चेरोकी. जिम केस्टरसन या गोऱ्या माणसाशी त्याचं घरगुती वैर होतं, कारण केस्टरसननं आधी याच्या बहिणीशी संसार केला होता. एका पिठाच्या गिरणीवर दोघांची गाठ पडली. प्रॉक्टरनं पिस्तूल उचललं, मधे केस्टरसनची बायको पॉली बेक आली आणि तीच मेली. केस्टरसन जखमी होऊन निसटला. पॉली चेरोकी, प्रॉक्टरही चेरोकी, म्हणजे खुनाचा खटला चेरोकी कोर्टाचा. पण केस्टरसनला वाटलं, ते कोर्ट आपल्या माणसाला सोडणार. तो थेट फोर्ट स्मिथला गेला आणि माझ्यावर, गोऱ्या माणसावर, गोळी झाडली अशी फिर्याद ठोकली. झालं, एकाच आरोपीवर दोन कोर्टांचा हक्क!

चेरोकी न्यायाधीशाचं नाव ब्लॅकहॉक सिक्सकिलर. नाव मी रचलेलं नाही. दंगा होणार हे सगळ्यांना दिसत होतं, म्हणून खटला नेहमीच्या कोर्टात न चालवता हल्ला झालाच तर राखायला सोप्या अशा एका शाळेच्या खोलीत ठेवला. १५ एप्रिलला काम चालू असताना फेडरल डेप्युटी मार्शलांची, म्हणजे फेडरल कोर्टाची वॉरंटं बजावणाऱ्या माणसांची, टोळी येऊन धडकली आणि तिच्याबरोबर मयत पॉलीचे चिडलेले नातेवाईकही होते. मयताच्या नातेवाइकांना पोलीसपार्टीत घेऊन आरोपी धरायला जायचं, ही कल्पना कुणाची कोण जाणे. दारातच गोळीबार सुरू झाला. मार्शलांच्या बाजूचे आठ आणि चेरोकींचे तीन, असे अकरा मेले. मार्शल खात्याच्या इतिहासात त्यांची एका दिवसात इतकी माणसं दुसऱ्यांदा कधी गेली नाहीत. दुसऱ्या दिवशी ज्युरीनं प्रॉक्टरला निर्दोष सोडलं. फोर्ट स्मिथहून त्याच्यावर आणि इतरांवर वॉरंटं निघाली, पण ती प्रकरणं पुढे बारगळली. एवढंच नव्हे, हाच प्रॉक्टर उतारवयात स्वतः कायद्याच्या नोकरीत शिरला!

फोर्ट स्मिथच्या कोर्टाचीही तेव्हा लाज गेलेली होती. विल्यम स्टोरी या न्यायाधीशावर लाचेचे आरोप झाले, महाभियोग येणार असं दिसताच १८७४ मध्ये त्यानं राजीनामा दिला. त्याच्या जागी अध्यक्ष ग्रँटनं १८७५ साली आयझॅक पार्करला पाठवलं. वय ३६. सिनेमावाल्यांनी याला ‘फाशीवाला जज’ करून टाकलंय, कारण आल्या वर्षीच ३ सप्टेंबरला सहा जणांना एकदम फाशी झाली आणि बघायला पाच हजारांवर लोक लोटले. एकवीस वर्षांत त्यानं १६० जणांना फाशी सुनावली, त्यातले ७९ प्रत्यक्ष लटकले. पण आता तू वकिलाच्या नजरेनं बघ. या काळात त्याच्यापुढे १३,४९० खटले आले आणि त्यात फाशीच्या गुन्ह्याचे ३४४. बाकी सगळं दारू, चोऱ्या, मारामाऱ्या. इंडियन मुलखात दारू नेणं हाच मोठा गुन्हा होता. शिवाय खून आणि बलात्काराला फेडरल कायद्यात फाशीच होती, जन्मठेप द्यायचा अधिकार जजला नव्हताच. आणि १८८९ पर्यंत त्याच्या फाशीवर अपील नव्हतं! अध्यक्षाकडे दयेचा अर्ज, बस. अपील सुरू झाल्यावर सुप्रीम कोर्टानं त्याचे निकाल एकामागून एक परत पाठवले आणि म्हातारा जाहीरपणे त्यांच्याशी भांडत बसला. गंमत म्हणजे मरण्यापूर्वी एका मुलाखतीत तो म्हणाला की शिक्षा नक्की होणार असेल तर फाशी रद्द करायला माझी हरकत नाही. मला हा माणूस आवडतो असं नाही, पण नुसता खाटीक म्हणून त्याला निकालात काढणंही पटत नाही.

तुरुंगाचं मात्र समर्थन होऊच शकत नाही. जुन्या लष्करी बराकीच्या तळघरात दोन खोल्या, फरशी ओली, खिडक्या जमिनीलगत. कच्चे कैदी, पक्के कैदी, दारूवाले, खुनी, सगळे एकत्र. १८८५ मध्ये अॅना डॉज या सिनेटरच्या मुलीनं तो बघून लिहिलं तेव्हा वॉशिंग्टनला जाग आली, आणि नवा तुरुंग १८८८ मध्ये झाला. ते तळघर आजही तसंच आहे. मी आत उभा राहिलो तर भर उन्हाळ्यातही गार ओल पायातून वर चढत होती. सुधा दोन मिनिटांत बाहेर गेली.

आता पैशाचं. डेप्युटी मार्शलला पगार नव्हता. मुळीच नव्हता! अटकेमागे दोन डॉलर, प्रवासाचे मैलामागे काही सेंट, कैद्याच्या जेवणाचे दिवसाला पाऊण डॉलर, आणि या सगळ्यातून वरचा मार्शल आपला हिस्सा कापून घेणार. आपल्याकडच्या टीए-डीए बिलावरच आख्खा संसार चालवायचा, अशी कल्पना कर. माणूस सापडला नाही तर घोडा दमला, दाणा संपला, हाती शून्य. हिशेब वॉशिंग्टनला जायचे, तिथला कारकून त्यावर हरकती काढायचा, आणि तोवर इथले डेप्युटी आपली येणी व्यापाऱ्याला कमी भावात विकून घर चालवायचे. साहजिकच खोटी बिलंही लागायची, मैल वाढायचे, पेल्याभर दारूसाठी लांबवरून माणूस धरून आणला जायचा. आणि सगळ्यात कडी म्हणजे आरोपी अटकेच्या वेळी मेला तर फी नाही. वर त्याचं कुणी वारस पुढे आलं नाही तर पुरण्याचा खर्च डेप्युटीच्या खिशातून! पडद्यावर ‘जिवंत किंवा मेलेला’ अशी पाटी बघत आपण वाढलो, आणि इथे सरकारी दरपत्रकात मेलेल्याचा भाव शून्य. रेल्वे आणि एक्स्प्रेस (माल-पैसे पोहोचवणाऱ्या) कंपन्यांची खासगी बक्षिसं असायची, त्यावर काहींचं भागत असे. इंडियन टेरिटरीत शंभरावर डेप्युटी मारले गेले ते या दरानं. १८९६ मध्ये काँग्रेसनं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेनं, एकदाचा फीऐवजी पगाराचा कायदा केला, खातं स्थापन होऊन तेव्हा शंभरावर वर्षं झाली होती.

म्हणून डेप्युटीची फेरी म्हणजे फिरती कचेरीच असायची. एक बैलगाडीएवढी छपराची वॅगन, एक स्वयंपाकी, एक-दोन मदतनीस, आणि खिशात वॉरंटांचा गठ्ठा. एका फेरीत जितकी जास्त माणसं तितकं परवडणार. पाचशे-सातशे किलोमीटर आत जायचं, एकेक धरत यायचं, आणि रात्री सगळ्यांच्या बेड्या एका लांब साखळीत ओवून ती वॅगनच्या कण्याला कुलूप लावून ठेवायची. महिना-दोन महिन्यांनी नदीकाठी परत.

यात ज्याचं नाव सगळ्यांच्या वर आहे तो बास रीव्ह्ज, कृष्णवर्णीय माणूस. १८३८ साली आर्कान्सात गुलाम म्हणून जन्मला, मालकाबरोबर टेक्सासला गेला, यादवी युद्धाच्या धामधुमीत पळून इंडियन मुलखात शिरला, तिथल्या लोकांत राहून भाषा शिकला, वाटा शिकला. गुलामी संपल्यावर शेती करत होता, १८७५ मध्ये डेप्युटी झाला आणि ३२ वर्षं टिकला. तीन हजारांवर अटका केल्या असं तो सांगे, आणि चौदा माणसं मारली. लिहिता-वाचता येत नव्हतं. फोर्ट स्मिथहून निघण्यापूर्वी तो प्रत्येक वॉरंट कुणाकडून तरी वाचून घ्यायचा, कागदाचा आकार, नावाची वळणं डोक्यात पक्की करायचा, आणि जंगलात योग्य माणसापुढे योग्य कागद धरायचा. टेक्सासच्या सीमेवर दोन भाऊ लपलेत हे कळल्यावर तो फाटके कपडे घालून, सोंग घेऊन, २८ मैल पायी चालत त्यांच्या आईच्या दारात भिकारी बनून गेला, पोटभर जेवला, रात्री पोरं झोपल्यावर दोघांना बेड्या घातल्या आणि सकाळी चालवत परत आणलं, अशी कथा सांगतात. म्हातारी म्हणे तीन मैल शिव्या देत मागे आली होती. कथेत मीठमसाला असेल, पण जिवंत आणलेल्या माणसाचेच पैसे मिळतात हे ध्यानात ठेवलंस तर सोंगामागचा हिशेब समजतो.

याच माणसावर त्याच कोर्टात खुनाचा खटला झाला, हे मात्र फारसं कुणी सांगत नाही. १८८४ मध्ये मुक्कामावर त्याच्या हातून त्याचा स्वयंपाकी मेला. बास म्हणाला, रायफलमध्ये अडकलेली गोळी काढताना चुकून सुटली. १८८६ मध्ये अटक झाली, स्वतः धरून आणलेल्या लोकांबरोबर काही महिने कोठडीत काढले, १८८७ मध्ये निर्दोष सुटला. वकिलांच्या फीपायी राहतं घर विकावं लागलं. (हसू नकोस.) आणि १९०२ मध्ये त्याच्या मुलानं, बेनीनं, स्वतःच्या बायकोचा खून केला तेव्हा ते वॉरंट बासनं मागून घेतलं आणि मुलाला स्वतः आणून हजर केलं. जन्मठेप झाली.

१६ नोव्हेंबर १९०७ ला ओक्लाहोमा राज्य झालं. नव्या विधिमंडळानं पहिलंच विधेयक काय केलं असेल? काळ्या-गोऱ्यांसाठी रेल्वेचे वेगळे डबे. बत्तीस वर्षं डेप्युटी राहिलेल्या बासला मस्कोगी गावात साधा शिपाई म्हणून गस्तीवर ठेवलं. १९१० च्या जानेवारीत मूत्रपिंडाच्या विकारानं गेला. फोर्ट स्मिथला त्याचा घोड्यावरचा पुतळा बसला तो २०१२ मध्ये.

आता तुझ्यासाठी मुद्दाम राखून ठेवलेली बातमी. राज्य झालं, जमातींची कोर्टं मोडीत निघाली, जमीन वाटली गेली, सगळ्यांनी धरलं की ते जुने तह संपले. आणि ९ जुलै २०२० ला मगर्ट विरुद्ध ओक्लाहोमा या खटल्यात अमेरिकन सुप्रीम कोर्टानं ५ विरुद्ध ४ मतांनी सांगितलं की क्रीकांचा राखीव मुलूख काँग्रेसनं कधी रद्द केलाच नाही, गंभीर गुन्ह्यांच्या बाबतीत तो अजून इंडियन मुलूखच आहे. म्हणजे टल्सासारख्या मोठ्या शहराचा बराच भाग त्यात आला! पुढे चेरोकी आणि इतरांबाबतही राज्याच्या कोर्टानं तेच मान्य केलं. राज्यानं चालवलेले खटले पुन्हा फेडरल आणि जमातीच्या कोर्टांकडे जाऊ लागले. २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टानंच दुसऱ्या निकालात थोडं मागे घेतलं, की आरोपी इंडियन नसेल तर राज्यालाही खटला भरता येईल. रस्त्यावरच्या पोलिसाला यातलं काय कळावं? म्हणून एकाच पोलिसाला शहराचाही आणि जमातीचाही अधिकार देऊन ठेवायचे करार झालेत. गाडी थांबवली की आधी विचारायचं, बाबा, तू कुठल्या नेशनचा, म्हणजे जमातीचा, नागरिक?

तुझ्या नोटरीच्या फायली बाजूला ठेवून एक सांग. १८७२ च्या त्या शाळेत तू असतास तर कुणाचं वकीलपत्र घेतलं असतंस? माझा अंदाज, प्रॉक्टरचं, कारण बाजू चांगली होती आणि ज्युरीही आपली. फक्त त्याचा वकील मोझेस अल्बर्टी टेबलाशी बसल्या जागी गोळी लागून गेला, तेवढं फी ठरवताना धर.

पत्रोत्तर लवकर टाक. काकांना साष्टांग नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुझा,
नाना