योंगजा आजींचं नाव

सातारा, रविवार रात्र

प्रिय सई,

परवा फोनवर तू सांगितलंस, तिकडे कोरियात तुझ्या घरमालकीण आजींना नाव विचारलं तर त्या तोंडावर हात धरून हसल्या. ‘योंगजा. म्हातारीचं नाव!’ म्हणाल्या आणि तुझ्या ताटात भात वाढला. ते हसणं माझ्या डोक्यातून जाईना. मग बसले शोधत. निवृत्त मास्तरणीला दुसरं काम काय!

नावाचा अर्थ वाईट नाही गं. ‘योंग’ म्हणजे फूल किंवा गुणांनी उजवी, ‘जा’ म्हणजे लेकरू. गोम आहे ती त्या ‘जा’मध्ये. चिनी अक्षर तेच, जपानी लोक ते ‘को’ वाचतात. योंगजा लिहिलेलं जपानी माणूस ‘एइको’ वाचील. १९१० ते १९४५ कोरियावर जपानचं राज्य होतं आणि मुलीच्या नावाला शेवटी हे अक्षर लावायची रीत तिकडून आली. १९४५ साली जन्मलेल्या मुलींत सगळ्यात जास्त योंगजाच होत्या. म्हणजे राज्य गेलं त्याच वर्षी! पुढे ‘जा’ मागे पडत गेलं. १९७८ साली जियोंग पहिली, २००८ साली सॉयॉन. तुझ्या वर्गात दोन सॉयॉन का आहेत ते कळलं ना? आपल्याकडे कुसुम, शकुंतला गेल्या आणि सई, आर्या आल्या, तसंच.

पण शोधता शोधता दुसरंच सापडलं आणि मी थांबले. त्याच पिढीत मालजा नावाच्या बायका आहेत. ‘माल’ म्हणजे शेवट. ही शेवटची, आता मुलगी पुरे. कुणाचं नाव हुनाम, म्हणजे हिच्यामागून मुलगा येऊ दे. सई, माझ्या तिसरीच्या वर्गात एक नकुशा होती. हजेरी घेताना मी तिचं नाव भरभर वाचून पुढं जायची. २०११ साली आपल्या जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावं बदलली, तेव्हा ती शाळा सोडून गेलेली होती. तिचं बदललं का, मला ठाऊक नाही.

तिकडेही २००५ साली सर्वोच्च न्यायालयानं नाव बदलणं सोपं केलं. तुझ्या आजींनी बदललं नाही. का, ते त्यांनाच ठाऊक. विचारायचंच झालं तर जेवण झाल्यावर, हळूच विचार. आणि नावानं हाक मारू नकोस हं, ‘हालमोनी’च म्हण, म्हणजे आजी.

एक गोष्ट मात्र मला त्यांची आवडली. लग्नानंतरही कोरियन बाई वडिलांचंच आडनाव लावते. माझं आडनाव तर गेलंच, वर तुझ्या बाबांनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं ‘वैशाली’ लिहिलं. चोवीस वर्षं कुंदा होते, दोन मिनिटांत वैशाली झाले. ते तांदूळ दुसऱ्या दिवशी कुणीतरी शिजवले असतील. मलाही तेव्हा कुणी नाव विचारलं की हसायला यायचं, तोंडावर हात धरून.

मेतकूट पाठवतेय. अर्धं आजींना दे, गरम भातावर तूप घालून कसं खायचं ते दाखव. कुणी पाठवलं विचारलं तर कुंदानं म्हणून सांग.

तुझी,
आई