ऑर्डर छोटी असू दे पण कारण लिही

चि. मनू,

अनेक आशीर्वाद. तू जबलपूरला जजसाहेबांकडे लॉ क्लर्क झालीस म्हणून अख्ख्या रामबागेत पेढे वाटले मी, पण परवा फोनवर म्हणालीस ना की प्रमोशनच्या केसेसच्या फाइली फार बोअर असतात, ते मनात राहिलं ग.

सीनियॉरिटी लिस्ट, सीआर म्हणजे दरवर्षीचा गोपनीय अहवाल, डीपीसीचे म्हणजे प्रमोशन ठरवणाऱ्या कमिटीचे कागद, वाचायला रुक्षच असतात, मान्य. पण सरकारी नोकरीत प्रमोशन दोन-तीनदाच येतं आणि ते हुकलं की पगार गेला, पुढची पेन्शन पण कमी, आणि कालचा ज्युनिअर आज साहेब. आमच्या ऑफिसातल्या एका बाईंचं हेच झालं. त्यांनी कोर्टाला एवढंच विचारलेलं की माझा सीआर कमी होता तर मला कधी कळवला का नाही? ऑर्डर दोन ओळींची, हस्तक्षेपाचं कारण दिसत नाही, याचिका खारिज. हरणं त्यांनी पचवलं असतं ग, पण विचारलेल्याचं उत्तरच नाही! अपील तरी कशावर करणार, वरच्या कोर्टाला कसं कळणार की जजसाहेबांना त्यांचा मुद्दा का पटला नाही.

अगदी हाच प्रश्न देव दत्त नावाच्या एका सरकारी नोकराच्या केसमध्ये होता. प्रमोशनला सीआरमध्ये 'व्हेरी गुड' लागत होतं आणि एका वर्षी 'गुड' मिळालेलं, ते त्यांना कळवलंच नव्हतं. हायकोर्टात हरले. २००८ मध्ये सुप्रीम कोर्टाने नीट कारणं देऊन सांगितलं की प्रत्येक नोंद कळवायलाच हवी, चांगली असली तरी. तोवर ते रिटायर झालेले, पण ती कारणं लिहिलेली होती म्हणून पुढे कितीतरी जणांना कामी आली.

कोर्टाने डीपीसीच्या खुर्चीत बसून मार्क द्यायचे नाहीत, हे मलाही पटतं. हक्क प्रमोशनचा नाही, विचार होण्याचा आहे, त्यामुळे पुष्कळ याचिका खारिज व्हायलाच पाहिजेत. पण खारिज केली ती कुठल्या नियमाने, कुठला कागद बघून, ते लिहायला चार ओळी जास्त लागतील, बस. मोहिंदर सिंग गिल केसमधल्या सुप्रीम कोर्टाच्या १९७७ च्या निकालात तर आहेच ना, की ऑर्डरमध्ये नसलेली कारणं सरकारला नंतर अॅफिडेव्हिटमध्ये घुसवता येत नाहीत. डिपार्टमेंटला एवढं कडक सांगणाऱ्या कोर्टाने स्वतः पण तेवढंच पाळावं असं मला मनापासून वाटतं.

साहेबांसाठी नोट करशील तेव्हा याचिकावाल्याचा मुख्य मुद्दा आधी लिही आणि त्याच्यासमोर उत्तर आहे का बघ. नसेल तर साहेबांना विचार, घाबरू नको.

जेवण वेळेवर कर. आई रविवारी फोन करेल.

तुझे बाबा